आश्रुबाच्या पाठीवरचा खुंटा

आमच्या सावळवाडीचा आश्रुबा अकरा वर्षं बत्तीस वर्षांचाच राहिला. केस पिकले नाहीत, दाढी वाढली नाही, पोट सुटलं नाही. गेल्या फाल्गुनात त्याच्या मुलीला, वैष्णवीला, बघायला जिंतूरकडची मंडळी आली तेव्हा मारुतीच्या ओट्यावर बसलेल्या या माणसाला त्यांनी विचारलं, "मुलीचे वडील कुठं भेटतील?" तो म्हणाला, "म्याच." पाहुणे हसले, मग ओशाळले. आश्रुबा हसलाही नाही आणि रागावलाही नाही.

मी माधवराव, इथल्या शाळेचा गुरुजी. परभणीहून बदलीवर आलो आणि इथंच राहिलो. निवृत्त होऊन दोन वर्षं झाली. आश्रुबाबद्दल कुणीतरी लिहायला हवं आणि गावात लिहिणारा मी एकटाच आहे. शिवाय या हकिकतीत माझाही एक भाग आहे. तो मी जागेवर आला की सांगेन. आत्ताच सांगितला तर तुम्ही पुढचं वाचणार नाही.

आधी ढिलाई काय होती ते सांगतो, कारण हल्लीच्या पोरांना ती थापच वाटते. बारा वर्षांपूर्वी पूर्णेच्या काठच्या गावांत काळ सैल पडला. मंगळवारी रात्री निजावं आणि उठावं तो शुक्रवार. दूध नासलेलं, गुरं उपाशी, अन् कुणालाच त्याचं नवल नाही. स्वप्नात जसं काहीच वावगं वाटत नाही, तसंच होतं ते. मग गोष्टीही सुटायला लागल्या. भुजंग आमचा सरपंच. एका सकाळी त्याच्या मळ्यातली विहीर नव्हती. बुजलेली नाही, नव्हतीच. तो स्वतः म्हणाला, "म्या कवा खांदली विहीर?" मनकर्णा नावाची म्हातारी जन्मभर बिनलग्नाची, पण एक महिनाभर तिला तीन मुलगे आठवत होते. ती चौघांचा स्वयंपाक करायची आणि उरलेल्या भाकरी कुत्र्यांना घालताना रडायची. महिना सरला आणि मुलगे विसरले गेले. त्या दिवशी ती रडली नाही.

माझ्या वर्गात पटावर एकतीस मुलं. कधी चौतीस असायची आणि चौतिसांचीही नावं मला पाठ असायची. मी तक्रार कुणाकडं करणार? मलाच काही बिघडलंय असं वाटत नव्हतं.

मग सरकारनं गावोगाव यंत्रं पाठवली. नाव होतं काळ-कथा स्थिरक. गावानं त्याचं नाव खुंटा ठेवलं, कारण बैल जसा बांधतात तसा काळ याला बांधायचा होता. जीपमधून एक तरुण इंजिनिअर आला. त्याला त्याच दिवशी आणखी चार गावं करायची होती आणि मधल्या एका गावात त्याची दुपार हरवली होती म्हणून तो घायकुतीला आला होता. त्यानं खोकं उतरवलं, एक पुस्तिका माझ्या हातात दिली, म्हणाला, "गुरुजी, तुम्ही वाचून यांना सांगा," आणि गेला.

गावासमोर कुणी आपल्याला असं म्हटलं की मास्तर माणसाची छाती फुगते. माझीही फुगली. खोक्यातून राखाडी रंगाची एक टाकी निघाली. कापसावर औषध फवारायचा पाठीवरचा पंप असतो ना, तेवढीच, आणि तिला तसेच दोन रुंद पट्टे. मी पुस्तिकेचं पहिलं पान उघडलं. त्यावर चित्र होतं, एक माणूस टाकी पाठीवर घेऊन चाललाय. मी पुस्तिका मिटली आणि सांगितलं, "पाठीवर घ्यायचं."

कुणालाही पटवावं लागलं नाही. दर पावसाळ्यात पंप पाठीवर घेऊन पऱ्हाटीतून हिंडणारी माणसं ही. दोन पट्टे दिसले की पाठ आपोआप पुढं होते. आणि आलटून पालटून कुणी घ्यायचं हेही गावाला शिकवावं लागलं नाही. सप्त्यात वीणा असते. सात दिवस ती खाली ठेवायची नाही, एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात जायची, दोन-दोन तासांचा पहारा, देणाऱ्यानं घेणाऱ्याच्या पाया पडायचं आणि घेणाऱ्यानं देणाऱ्याच्या. गावानं खुंट्याचा पहारा तसाच लावला. मारुतीच्या भिंतीवर नावांची यादी लागली. टाकीला कुंकू लागलं. खाली ठेवायचं नाही हा नियम पुस्तिकेत कुठंच नव्हता. तो गावाचा होता, आणि मी मान डोलावली.

पहारा लागला त्या मंगळवारनंतर बुधवारच आला. भुजंगची विहीर होती तिथं होती. लोकांनी मला नारळ दिला.

आश्रुबा तेव्हा यादीतल्या चाळीस जणांतला एक होता. दोन एकर कोरडवाहू, कापूस आणि तूर. गावात त्याची ओळख म्हणजे नकला. मानवतच्या एस्टीचा कंडक्टर तो असा करायचा की आपोआप खिशात हात जावा. त्याची बायको रुख्मिणी हसायला लागली की शाळेत ऐकू यायचं. पोरं माझ्याकडं बघायची आणि मलाही हसू आवरायचं नाही. हे मुद्दाम लिहून ठेवतो, कारण नंतर गावाला ते आठवेनासं झालं.

पहाऱ्याचा त्रास पहिल्या महिन्यातच कळला. दोन तासांत अंग बधिर व्हायचं. दुखायचं नाही, उलट दुखणारं थांबायचं. भाकरी मातीसारखी लागायची. भुजंग पहारा करून घरी गेला आणि त्याचं धाकटं पोर त्याच्यासमोर बैलगाडीवरून पडलं, तर तो बघत उभा राहिला. पोराला काही झालं नाही, पण भुजंग घाबरला. "गुर्जी, मला काईच वाटलं न्हाई हो," तो म्हणाला. दिवाळीपर्यंत निम्म्या यादीला कापूस वेचायची कामं निघाली. कुणाची मान धरली, कुणी सोयरिकीला गेलं.

एका पहाटे बजरंग नावाच्या गड्याला बदली करायला कुणी आलंच नाही. तो वाट बघून कंटाळला आणि टाकी पाठीवर असतानाच ओढ्यापलीकडं त्याच्या रानात कापूस वेचायला निघून गेला. खुंट्याचा घेर गावापुरता. टाकी ओढ्यापार गेली आणि गाव सुटलं.

त्या सकाळी मी हजेरी घेतली. तीस मुलं. खिडकीशी आश्रुबा आला, अंगात बंडी, पाय अनवाणी. म्हणाला, "गुर्जी, वैष्णवी आली का साळंत?"

मी विचारलं, "कोण वैष्णवी?"

ती चौथीत होती, तिसऱ्या बाकावर बसायची, नऊ वर्षांची, वळणदार अक्षर. आणि मी विचारलं, कोण वैष्णवी. आश्रुबा माझ्याकडं बघत राहिला. त्याच्या घरात तिचा फ्रॉक नव्हता, दप्तर नव्हतं, दारात तिनं लावलेली सदाफुली नव्हती. सगळ्या गावात फक्त त्याला आणि रुख्मिणीला ती आठवत होती आणि रुख्मिणीलाही हळूहळू आठवेनाशी व्हायला लागली होती. तो म्हणाला, "तिला रंग कोनता आवडायचा, हे तिची माय सांगंना झाली गुर्जी." दुपारी बजरंग भाकर खायला गावात परतला. मी फळ्याकडून वळलो तर वैष्णवी तिसऱ्या बाकावर बसून शुद्धलेखन लिहीत होती.

त्याच दुपारी आश्रुबानं बजरंगच्या पाठीवरची टाकी स्वतःच्या पाठीवर घेतली. बजरंगच्या पाया पडला. आणि मग ती कुणालाच दिली नाही. पहिले काही आठवडे लोकांनी विचारलं. मग विचारणं बंद झालं. भिंतीवरच्या यादीवर एकच नाव उरलं आणि एका चुन्याच्या हाताखाली यादीही गेली.

त्यानंतरच्या आश्रुबाबद्दल लिहायला फार नाही. तो मारुतीच्या ओट्यावर, गावाच्या मधोमध, बसायचा. भिंतीला टाकी टेकवून बसल्या बसल्याच झोपायचा. शेत भावकीनं केलं. कुणी बोललं तर उत्तर द्यायचा, खरं आणि थोडक्यात. नक्कल कर म्हटलं तर कंडक्टरची वाक्यं म्हणायचा, सगळी बरोबर, पण कुणी खिशात हात घालायचं नाही. गावात एकाही वाराची गडबड झाली नाही. मुलं जन्मली ती जन्मलेली राहिली. सगळं जागच्या जागी होतं आणि त्यात आश्रुबाही जागच्या जागी होता. लोक येता-जाता ओट्याला हात लावून पुढं जायचे. तो नमस्कार आतल्या मारुतीला होता की बाहेरच्या माणसाला, कुणी विचारलं नाही.

रुख्मिणी रोज दुपारी भाकरी घेऊन ओट्यावर यायची. तो पहिला घास घ्यायचा आणि ती विचारायची, "मीठ बरूबर हाय का?" तो म्हणायचा, "हाय." एक दिवस तिनं मुद्दाम कालवणात मीठच घातलं नाही. "मीठ बरूबर हाय का?" "हाय." हे सांगायला ती आमच्याकडं आली. माझी बायको प्रमोदिनी तांदूळ निवडत होती. रुख्मिणीनं हसत हसत सांगितलं आणि मग आमच्या पायरीवर बराच वेळ नुसती बसून राहिली.

आता माझा भाग.

तिसऱ्या वर्षी मला प्रशिक्षणासाठी मानवतला जावं लागलं. वाटेत एका गावी एस्टी पंक्चर झाली. मी खाली उतरलो. चावडीसमोर सिमेंटचा एक चौकोनी ओटा होता आणि त्यावर आमच्यासारखीच टाकी. पट्ट्यांना शेळी बांधलेली. जवळपास माणूस नाही. पानटपरीवाल्याला विचारलं, "याच्याजवळ कोण बसतं?"

"कोन बसतंय? त्याला काय करायचंय?" तो म्हणाला. "चार बोल्ट मारले की झालं."

मी जवळ जाऊन बघितलं. चार बोल्ट, निळ्या डोक्याचे. ते बोल्ट मी ओळखत होतो. आमच्या खोक्यातही एका पिशवीत निघाले होते आणि कशाचे ते कळेना म्हणून मी शाळेच्या डुगडुगणाऱ्या तिसऱ्या बाकाला लावले होते. वैष्णवीच्याच बाकाला.

घरी येऊन पुस्तिका काढली. पहिल्या पानावरच्या चित्राखाली बारीक अक्षरात लिहिलं होतं, 'गावापर्यंत वाहून नेण्याची पद्धत'. नवव्या पानावर लिहिलं होतं की यंत्र जमिनीवर पक्कं बसवावं आणि कोणीही चार मीटरच्या आत सतत राहू नये, कारण घेराच्या अगदी मधल्या माणसाला ते सर्वांत घट्ट धरतं. मी दोनदा वाचलं. मग पुस्तिका ट्रंकेत, गरम कपड्यांच्या खाली ठेवली.

का सांगितलं नाही? लाज. दुसरं मोठं कारण शोधून बघितलं, सापडलं नाही. पोरांना रोज म्हणायचो, चित्र बघून उत्तर लिहू नका, खालचं वाचा. उद्या सांगू असं ठरवलं आणि उद्या त्या दिवसांत अगदी वेळेवर यायचा. वर्ष उलटल्यावर सांगणं आणखी अवघड झालं, कारण आता आधी का नाही सांगितलं हेही सांगावं लागणार होतं. ओट्यासमोरून जाताना आश्रुबा म्हणायचा, "रामराम गुर्जी." मी म्हणायचो, "रामराम."

सातव्या वर्षी रुख्मिणीला कावीळ झाली आणि ती अंगात मुरली. शेवटच्या दिवशी दुपारी आश्रुबाला ओट्यावरून घरी बोलावलं. मी आणि प्रमोदिनी दारात उभे होतो. तो टाकीसकट आत गेला, तिच्या उशाशी बसला. तिनं त्याच्या पट्ट्याला हात लावला. म्हणाली, "येकदा तरी काडून ठिवा हो खाली. मला बगू द्या तुमाला."

तो म्हणाला, "खाली ठिवता येत न्हाई."

मी दारात होतो. चार पावलांवर. माझ्या तोंडात वाक्य तयार होतं आणि ते मी गिळलं. संध्याकाळी ती गेली. आश्रुबानं अग्नी दिला, टाकी पाठीवर ठेवूनच. डोळ्यांत टिपूस नाही. परतताना भुजंग म्हणाला, "लय घट्ट काळजाचा गडी." दहावा झाला, तेरावा झाला, ज्यानं जे करायचं ते आश्रुबानं न चुकता केलं. वैष्णवी सोळा वर्षांची. ती आमच्या स्वयंपाकघरात येऊन रडायची, कारण घरी रडलं की बाप शांतपणे बघत बसायचा आणि ते तिला सोसवायचं नाही.

त्याला चार वर्षं झाली. आता वैशाखात तिचं लग्न ठरलं. मुलाचं नाव हरिओम, मुलगा चांगला आहे. लग्न दारातच करायचं, म्हणजे आश्रुबाला गाव सोडावं लागणार नाही. वैष्णवीनं एवढंच मागितलं की लग्नाच्या दिवशी दोन तास, फक्त पाठवणीपुरता, कुणीतरी पहारा घ्यावा. त्यासाठी ती घरोघर हिंडली. दोन दिवस. यादीतली बाकीची एकोणचाळीस घरं. कुणाला पाठीचं दुखणं, कुणाला बीपी, कुणाचा मुलगा पुण्याहून येणार. भुजंगनं बँडचा खर्च करतो म्हटलं, पहाऱ्याचं बोलला नाही.

शेवटी ती आमच्याकडं आली. पाणीही घेतलं नाही.

"गुर्जी, दादानं मला घट्ट धरून ठिवलंय हे मला मालूम हाय," ती म्हणाली. बापाला ती दादा म्हणते. "समदं गाव सांगतंय ते. पन मला जवळ कवा घेतलं ते आठवंना. पाठवनीला त्यो रडला न्हाई तरी चालंल. निस्ता मला निगताना बगून त्येला कायतरी वाटावं. दोन तास. तुमी घ्यायलाव का?"

मी म्हणालो, "घेतो."

ती पाया पडली. "तुमीच येक हाव," म्हणाली आणि गेली.

ती गेल्यावर मी बसून राहिलो. दोन तास टाकी पाठीवर घेतली असती तर मला काहीच वाटलं नसतं, लाजही नाही. फार स्वस्तात सुटलो असतो. प्रमोदिनी म्हणाली, "ट्रंकेतली ती पुस्तिका मी केव्हाच वाचली आहे. रुख्मिणीला कावीळ झाली तेव्हा. मला वाटलं तुम्ही दारात बोलाल." एवढंच बोलली आणि आत गेली.

दुसऱ्या दिवशी मी पाना घेऊन शाळेत गेलो, बाक उलटा केला आणि चारही बोल्ट काढले. एक गंजला होता, त्याला तेल घातलं. मग भुजंगकडं गेलो. इथं मी आणखी एकदा खोटं बोललो. म्हणालो, वरून नवीन पत्र आलंय, आता यंत्र जमिनीवर बसवायचं. भुजंग म्हणाला, "बरं झालं बाप्पा, सरकारला सुचलं." त्यानं मारुतीसमोर सिमेंटचा ओटा घालून दिला. तीन दिवस त्यावर पाणी मारलं. लग्नाला आठ दिवस राहिले होते.

सकाळी दहा वाजता गाव जमलं. पट्ट्यांची कडी इतकी वर्षं न उघडल्यानं बसून गेली होती. वैष्णवीनंच ती उघडली. दोघांनी टाकी धरली, मी बोल्ट पिळले, आणि काही झालं नाही. मंगळवार होता, मंगळवारच राहिला. आश्रुबाच्या शर्टावर दोन रुंद पट्टे पांढरे उरले होते. तो अजून पुढं वाकूनच उभा होता.

"हलकं वाटायलंय का दादा?" वैष्णवीनं विचारलं.

तो म्हणाला, "ऊन लय हाय."

तिनं त्याला सावलीत बसवलं, पाणी दिलं. तो पाणी प्याला आणि तांब्या हातात धरून बघत राहिला. समोर गल्लीत त्याच्या घराचं दार होतं. दार उघडंच होतं. त्यानं तिकडं बराच वेळ बघितलं. मग म्हणाला, "तुजी माय..." आणि थांबला. तांब्या हातातून पडला. त्यानंतर त्याच्या घशातून जो आवाज आला तो मी लिहू शकत नाही. बायका घरात पळाल्या. एवढा मोठा गडी मातीत आडवा झाला आणि दोन्ही हातांनी माती ओढत राहिला. वैष्णवीनं त्याचं डोकं मांडीवर घेतलं. ती म्हणत होती, "व्हय दादा. व्हय. गेली माय." आणि चार वर्षांनी ती त्याच्यासमोर रडली.

दुपारी तो उठून बसला आणि भुजंगला म्हणाला, "मला सुतक लागलंय. दहा दिवस लगीन न्हाई."

भुजंग चिडला. मंडप ठरला, बँड ठरला, पत्रिका वाटून झाल्या. "अरं येडा झालास का? चार वर्सं झाली. तूच अग्नी दिलास की तिला!"

"हात माजे व्हते," आश्रुबा म्हणाला. "मला आज कळलं."

सगळे माझ्याकडं बघायला लागले. असल्या बाबतीत गावात माझा शब्द चालतो. आमच्या घरी जुनी रीत होती. माणूस परमुलखात असला, पत्र उशिरा पोचलं, तर नवरा-बायकोच्या आणि आई-बापाच्या बाबतीत दिवस कळल्यापासून धरायचे. किती का वर्षं झाली असेनात. मी तसं सांगितलं. अकरा वर्षांत मी त्याच्या बाजूनं बोललेलं हे पहिलं वाक्य. वैष्णवीनं स्वतः हरिओमला फोन लावला. तिकडचे कुरकुरले आणि मग पंधरा दिवसांनंतरची तारीख घेतली.

सुतकाच्या घरी पहिल्या दिवशी चूल पेटत नाही. शेजारपाजारच्यांनी पिठलं-भाकरी न्यायची असते, कडू घास म्हणतात त्याला. रुख्मिणी गेली तेव्हा सगळ्या गल्लीनं नेला होता आणि आश्रुबानं तो निमूट खाल्ला होता. या वेळी कुणी नेईना. ज्याला-त्याला वाटलं, चार वर्षांनी कसला कडू घास? प्रमोदिनीनं पिठलं केलं, दोन भाकरी केल्या, वर फडकं बांधलं आणि ताट माझ्या हातात दिलं. "तुम्ही न्या," म्हणाली.

दिवस मावळायला आला होता. आश्रुबा भिंतीला टेकून बसला होता आणि सारखा पुढं सरकत होता, टाकीला जागा ठेवायची सवय. वैष्णवी आत होती. मी ताट ठेवलं. त्यानं भाकरीचा तुकडा मोडला, पिठल्याला लावला, तोंडात घातला. चावता चावता थांबला.

"मीठ कमी हाय," तो म्हणाला. आणि पुन्हा त्याचे डोळे भरले.

मी तेव्हाच बोललो. अडखळत बोललो, पण सगळं बोललो. चित्र, बारीक अक्षरं, बोल्ट, बाक, शेळी बांधलेली टाकी. पट्टे नुसते उचलून आणण्यासाठी होते, वरून कसलंही पत्र आलेलं नाही, चूक माझी आणि लपवाछपवीही माझी. त्यानं सगळं ऐकून घेतलं. घास तोंडातच होता.

"तुमाला कवा कळलं गुर्जी?"

"तिसऱ्या वर्षी."

तो बोटांवर काहीतरी मोजायला लागला. तिसऱ्या बोटापासून सुरुवात करून सातव्यापाशी आला आणि त्यानं हात खाली घेतला.

"म्हंजी ती असतानी," तो म्हणाला.

मी म्हणालो, "हो."

शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यानं उरलेली भाकरी सावकाश खाल्ली, सगळी, आणि ताट माझ्याकडं सरकवलं. आज नववा दिवस आहे. मी रोज संध्याकाळी ताट नेतो, तो खातो आणि ताट माझ्याकडं सरकवतो. त्याच्या गालांवर दाढी आली आहे आणि ती हनुवटीपाशी पांढरी आहे.